म्हातारेर कदी काढतले?

काकीने थेटरात बसून पाहिलेले सिनेमे एका हाताच्या बोटांवर मोजता येतील. त्यातला शेवटचा 'दशावतार'. २०२५ चा सप्टेंबर होता. अकरा दिवसांचे गणपती पोचवून झाले होते, भातं निसवायला लागली होती, आणि आमच्या वाडीतून दोन गाड्या भरून माणसं कणकवलीला सिनेमा बघायला निघाली. काकी पुढच्या सीटवर, मांडीवर पिशवी, पिशवीत पाण्याची बाटली आणि खोबऱ्याच्या वड्या. अठ्ठ्याहत्तर वर्षांची बाई. तिने जन्मभर जत्रेत रात्र रात्र जागून दशावतार पाहिलेला. देवळासमोर चादर अंथरायची, मुलांना कुशीत झोपवायचं आणि उजाडेपर्यंत राजा, राक्षस, नारद बघत बसायचं. त्यामुळे तो खेळ पडद्यावर कसा दाखवलाय, याचं तिला खरंच कुतूहल होतं.

सिनेमा तिला आवडला. दिलीप प्रभावळकर तेव्हा एक्क्याऐंशी वर्षांचे. या वयाचा माणूस अख्खा सिनेमा खांद्यावर घेतो, आणि त्याच्यासाठी गावंच्या गावं थेटरात येतात, हे बघून माझाही ऊर भरून आला होता. परतीच्या वाटेवर गाडीत सगळे एकदम बोलत होते. काकी गप्प होती. घाटी उतरल्यावर ती एकच वाक्य बोलली.

"म्हाताऱ्यार येवढो मोठो पिच्चर काढलो. म्हातारेर कदी काढतले?"

गाडीतले हसले. मला हसू आलं नाही. त्या रात्री झोपही आली नाही. कोकणातले म्हणून जे सिनेमे आपण प्रेमाने आठवतो ते मी अंथरुणात पडल्या पडल्या आठवत होते. 'श्वास' २००४ चा. नातवाला शहरात डॉक्टरकडे घेऊन जाणारे आजोबा, आणि अरुण नलावडे यांचा तो चेहरा. 'नारबाची वाडी' २०१३ चा. आपल्या बागेला जिवापलीकडे जपणारा म्हातारा, तेही प्रभावळकरच. आणि आता 'दशावतार'मधला बाबुली, पुन्हा प्रभावळकरच. तिन्ही भूमिका माझ्या मनाच्या जवळच्या आहेत. पण आमच्याकडे बाग खरोखर कोण जपतं? नातवाला घेऊन यष्टीने जिल्ह्याच्या दवाखान्यात कोण जातं? मी लहानपणापासून जे पाहिलं त्यात बहुतेक वेळा ती बाई होती. पुरुष मुंबईत होते.

हे काही मी भावनेच्या भरात म्हणत नाही. २०११ च्या जनगणनेत महाराष्ट्रात हजार पुरुषांमागे हजारापेक्षा जास्त बाया असलेले दोनच जिल्हे निघाले, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग. रत्नागिरीत तर आकडा अकराशेच्याही वर गेला. पुरुष पोटासाठी मुंबईला गेले, मनीऑर्डरी पाठवत राहिले. इथे मागे जमीन, गुरं, सासू-सासरे, देव-देवस्की, भाऊबंदकीचे खटले, शाकारणी, पेरणी, सगळं बायांनी ओढलं. तीन-चार पिढ्या ओढलं. म्हातारी बाई हा कोकणाच्या घराचा वासा आहे. आणि पडद्यावर ती दिसते ती पडवीत बसलेली, वाटेकडे डोळे लावलेली, जपमाळ ओढणारी.

काकीचा जन्म १९४७ चा, स्वातंत्र्याच्या वर्षातला. अभिनेत्री राखी यांचाही त्याच वर्षीचा, आणि तोही १५ ऑगस्टचा. हे मला फार उशिरा लक्षात आलं आणि त्यानंतर १९८२ हे साल मला वेगळंच दिसायला लागलं. त्या वर्षी १८ जानेवारीला गिरण्यांचा संप सुरू झाला. काका गिरणीत होते. काही महिन्यांनी ते पत्र्याची पेटी घेऊन गावी आले आणि ओटीवर बसले. पुढची चौदा वर्षं ते जवळजवळ बसूनच होते. गिरणीबाहेर आपण कोण, हे त्यांना कधी उमगलंच नाही. काकीची तेव्हा पस्तिशी. तिने त्या वर्षी पहिल्यांदा काजूची बी स्वतः बाजारात नेऊन विकली. व्यापाऱ्याने वजनात गडबड केली तेव्हा पोतं पुन्हा काट्यावर ठेवायला लावलं. पस्तिशीत तिच्या आयुष्याचा खरा भाग सुरू झाला.

आणि त्याच १९८२ साली 'शक्ती' आला. पस्तीस वर्षांच्या राखी त्यात अमिताभ बच्चन यांच्या आई झाल्या. अमिताभ तेव्हा चाळिशीला टेकलेले. पोरापेक्षा पाच वर्षांनी लहान आई. त्याआधी काही वर्षं याच राखी याच अमिताभच्या नायिका होत्या.

तुम्ही म्हणाल, अभिनय आहे, वयाचं काय घेऊन बसलात. मीही बरीच वर्षं असंच म्हणायचे. 'मदर इंडिया'त नर्गिस आणि सुनील दत्त मायलेक होते. दोघांचा जन्म १९२९ च्या जून महिन्यातला, आणि सिनेमा आल्यावर पुढच्या वर्षी दोघांचं लग्न झालं. नर्गिसचं ते काम कोण विसरेल? 'सारांश'मध्ये रोहिणी हट्टंगडी म्हातारी पार्वती झाल्या तेव्हा त्या तेहतीस वर्षांच्या होत्या, आणि समोरचे अनुपम खेर तर तिशीचेही नव्हते. तिथे दोघांनीही म्हातारपण अंगावर घेतलं होतं, म्हणून ते खोटं वाटत नाही. पण सहाच वर्षांनी, १९९० च्या 'अग्निपथ'मध्ये, रोहिणीताई अमिताभच्या आई झाल्या. त्या त्यांच्यापेक्षा आठ-नऊ वर्षांनी लहान आहेत. २००५ मध्ये 'वक्त' आला. शेफाली शाह अक्षय कुमारच्या आई, आणि त्याही त्याच्यापेक्षा लहान. ही गोष्ट पुन्हा पुन्हा, एकाच बाजूने होते तेव्हा तिला नुसता अभिनय म्हणता येत नाही. पुरुषाचं वय थांबवून धरायचं आणि त्याची किंमत बाईच्या वयातून वसूल करायची, असा तो व्यवहार आहे.

मला हे पुस्तकातून कळलं नाही. मी चौतीस वर्षांची असताना एका हौशी नाट्यमंडळात काम करायचे. शाळा सुटल्यावर तालमीला जायचं, नवरा मुलांना सांभाळायचा. तो काळ माझ्या फार आनंदाचा होता. एका वर्षी स्पर्धेच्या नाटकात मला आईची भूमिका दिली. मुलाचं काम करणारे गृहस्थ एकेचाळीस वर्षांचे होते. केसांना पावडर फासली, चष्मा दिला आणि दिग्दर्शकाने सांगितलं, "पाठीत वाका. आवाज थरथरू दे. आणि शक्यतो बसूनच राहा." मी वाकले. थरथरले. अंकभर एका खुर्चीत बसून राहिले. माझ्या वाट्याला वाक्यं होती ती सगळी दुसऱ्या कोणाची तरी चौकशी करणारी. जेवलास का, आलास का, कधी येशील. बक्षीस मिळालं नाही, त्याचं दुःख नव्हतं. पण प्रयोगाला काकी आली होती. तेव्हा ती पंचावन्नची. नाटक संपल्यावर माझ्या केसांतली पावडर पदराने पुसत तिने विचारलं,

"तू वाकलंस कित्या गो? मी खय वाकान चलतंय?"

खरंच, ती वाकून चालत नव्हती. आजही चालत नाही. आमच्याकडे बाया वाकतात त्या लावणीला, चिखलात, पावसात डोक्यावर इरलं घेऊन, आणि बांधावर आल्या की ताठ उभ्या राहतात. म्हातारपणाने वाकलेली बाई मी कमी पाहिली आहे. कामाने वाकलेल्या खूप पाहिल्या, आणि त्या दोन वाकण्यांत फरक आहे. त्या नाटकानंतर मी पुन्हा आईची भूमिका केली नाही. दुसरी कोणती मिळालीही नाही.

जुन्या काळात सगळं वाईटच होतं असं मला म्हणायचं नाही. ललिता पवार यांच्याकडे पाहा. १९४२ मध्ये चित्रीकरणाच्या वेळी जोरात बसलेल्या थपडेने त्यांचा डोळा कायमचा अधू झाला, नायिकेची कामं गेली. खाष्ट सासू म्हणून त्यांची ओळख झाली, 'रामायण' मालिकेत मंथरा झाल्या. पण त्याच ललिताबाई 'श्री ४२०'मध्ये केळी विकणाऱ्या गंगामाई होत्या, आणि १९५९ च्या 'अनाडी'त मिसेस डिसा. तोंडाने फटकळ, आतून मायाळू, स्वतःचं घर स्वतः चालवणाऱ्या, भाडेकरूला दरडावणाऱ्या बाई. मिसेस डिसाला काम आहे, मतं आहेत, राग आहे, पैशांचा हिशोब आहे. ती कोणाची आई म्हणून सिनेमात नाही. पासष्ट-सत्तर वर्षांपूर्वी एवढं जमलं होतं. मग मधल्या काळात ते कुठे हरवलं?

मधल्या काळात रडणं आलं. काकीने थेटरात पाहिलेला पहिला सिनेमा 'माहेरची साडी', १९९१. तालुक्याच्या गावी बायांची झुंबड होती, हुंदक्यांत संवाद ऐकू येत नव्हते असं ती सांगते. तीही रडली. घरी आली तर चुलीशी तिची स्वतःची सासू बसली होती, पेजेचं मडकं राखत. "तिच्याकडे बघलंय आणि वायट वाटला," ती म्हणते. "आमची म्हातारी तशी नव्हती." सून म्हणजे सोसणारी आणि सासू म्हणजे छळणारी, या दोन घरांपलीकडे पडद्यावर बाईला तिसरं घर नव्हतं. पुढे घराघरात टीव्ही आला आणि 'चार दिवस सासूचे' अकरा वर्षं चाललं. त्यात रोहिणीताईंनी सासूला निदान घराची धुरा दिली, अधिकार दिला, पोच दिली. 'रात्रीस खेळ चाले' आला तेव्हा तर आमच्या घरात वेगळंच वातावरण. आकेरीतला तो वाडा, मालवणी बोलणारी माणसं, आणि शकुंतला नरे यांची माई. काकी माईकडे बघताना कधी भीतीच्या प्रसंगाला दचकली नाही, पण माई नवऱ्यापुढे गप्प राहिली की ती पाय हलवायला लागायची.

काकी टीव्ही बघते तेव्हा तिचे हात रिकामे नसतात. चैत्रात ओले काजूगर काढत असते, बोटांना चीक लागू नये म्हणून राख चोळलेली. मृगाआधी आमसुलं, गणपतीआधी वाती. मालिकेतली आजी भरजरी साडीत सोफ्यावर दिसली की तिचा एकच प्रश्न: "ही दिसभर काय करता? हिका काय काम नाय?" मी आधी या प्रश्नाकडे दुर्लक्ष करायचे. आता वाटतं, समीक्षेच्या पानापानांत जे सापडत नाही ते या प्रश्नात आहे.

कारण बदल झालाय, आणि तो मी आनंदाने पाहिलाय. २०१९ मध्ये 'अग्गंबाई सासूबाई' सुरू झाली आणि आमच्या वाडीत अक्षरशः पंचायत भरली. सून सासूचं लग्न लावून देते! निवेदिता सराफ यांची आसावरी, आयुष्यभर सासऱ्याच्या आणि मुलाच्या ताटाभोवती फिरलेली, चारचौघांत दुसऱ्यांदा लग्नाला उभी राहते. पहिल्या आठवड्यात दोन घरांनी त्या वेळेला टीव्ही बंद ठेवला. दुसऱ्या आठवड्यात त्याच घरातल्या बाया आमच्या पडवीत येऊन बसू लागल्या. कोणी उघड बाजू घेतली नाही. पण ऐन चाळिशीत विधवा झालेली आणि आता साठीला पोचलेली एक शेजारीण एकदा काकीजवळ म्हणाली, निदान बोलायला तरी माणूस असतं. एवढंच म्हणून ती गेली. वीस वर्षांत तिच्या तोंडून असं वाक्य मी ऐकलं नव्हतं. मालिकेने लग्न लावलं नाही तिचं, पण ते वाक्य उच्चारायला जागा दिली.

२०२१ ला 'झिम्मा' आला. मग २०२३ च्या पावसात 'बाईपण भारी देवा'. लावणी चालू होती तरी एक दुपार काढून आम्ही अकरा जणी गेलो. थेटरात पुरुष चारच असतील. सहा बहिणी, मंगळागौरीची स्पर्धा, आणि रोहिणी हट्टंगडी, वय वर्षं बहात्तर, या वेळी कोणाची खोटी आई नव्हे, आपल्या वयाची थोरली बहीण. माझ्या पलीकडे बसलेल्या बाईने गाणं सुरू झाल्यावर पायाने ठेका धरला. आम्ही सिंधुदुर्गातल्या बाया, गणपतीत फुगड्या घालून रात्री जागवणाऱ्या. आमच्या फुगडीच्या मेळात पासष्टीची बाई मध्ये उभी राहून गाणं सांगते आणि पोरीबाळी तिच्या मागे धावतात. त्यामुळे पडद्यावरची दमछाक आम्हाला अगदी ओळखीची होती. निघताना कोणीतरी काकीच्या अंबाड्यात अबोलीचा वळेसर माळला होता. काका गेल्यापासून, १९९६ पासून, तिने फूल माळलं नव्हतं. तिने हात वर नेला, चाचपलं आणि तसाच राहू दिला. घरी येईपर्यंत तो होता.

त्या दुपारचं माझ्यावर ऋण आहे. तरीही मनातलं लिहिते. हे सिनेमे बाईला घरातून सोडवतात. तिला लंडनला नेतात, नाचायला नेतात, हसवतात, आणि चार दिवसांनी घरी आणून पोचवतात. तिची सुट्टी दाखवतात. तिचं काम मात्र अजून कॅमेऱ्याला दिसत नाही. साठ वर्षांच्या बाईला जमीन कसायची असते, सही करायची असते, वकिलाशी भांडायचं असतं, धाकट्या मुलाच्या दारूचे पैसे थांबवायचे असतात. त्यात तिचा हुशारपणा आहे, डाव आहेत, चुकाही आहेत. म्हाताऱ्याच्या बागेवर सिनेमा होतो, कारण त्याचं बागेवरचं प्रेम आपल्याला गोष्ट वाटते. म्हातारीचं बागेवरचं प्रेम रोजचं काम वाटतं, म्हणून त्याची गोष्ट होत नाही. हिंदीत 'बधाई हो'सारखे सिनेमे आले, नीना गुप्ता पुन्हा दिसू लागल्या, वीस वर्षांपूर्वीच्या त्या खोट्या आई शेफाली शाह आता मालिकेत पोलिस अधिकारी म्हणून तपास चालवतात, हे सगळं चांगलंच आहे. पण 'सांड की आँख'मध्ये साठीच्या नेमबाज आज्यांसाठीही तरुण मुलींच्याच चेहऱ्यांवर सुरकुत्या काढल्या, तेव्हा मला माझ्या केसांतली पावडर आठवली.

काकीच्या प्रश्नाचं उत्तर मात्र मला एका सिनेमात सापडलं, आणि तो तिने पाहिला नव्हता. पायल कपाडियांचा 'ऑल वी इमॅजिन अ‍ॅज लाइट'. २०२४ मध्ये कान महोत्सवात त्याला ग्राँ प्री मिळालं. तीस वर्षांनी एखादा भारतीय सिनेमा तिथल्या मुख्य स्पर्धेत गेला होता. त्यातली पार्वती म्हणजे छाया कदम. त्याच वर्षी 'लापता लेडीज'मध्ये फलाटावर चहाची टपरी चालवणारी मंजूमाई झालेल्या त्याच. छायाताई कानला आपल्या दिवंगत आईची साडी नेसून आणि तिची नथ घालून गेल्या होत्या. तो फोटो मी मोबाइलमध्ये जपून ठेवलाय.

पार्वती मुंबईत इस्पितळाच्या स्वयंपाकघरात काम करते. नवरा वारलेला. ज्या खोलीत तिचं आयुष्य गेलं त्या खोलीचा एकही कागद तिच्याजवळ नाही, आणि बिल्डरला जागा हवी आहे. ती वकिलाकडे जाते. रात्री बिल्डरच्या फलकावर दगड मारते. शेवटी बोचकी बांधते आणि रत्नागिरीतल्या आपल्या गावी परत येते. गावी येऊन ती कोणाची वाट बघत पडवीत बसत नाही. एका प्रसंगात तर ती तरुण मैत्रिणीबरोबर दारूचे घोट घेत नाचते.

दिवाळीनंतर एका रात्री मी काकीला तो दाखवला. सगळा नाही, पार्वतीचे तेवढे भाग, लॅपटॉपवर, ओटीवर बसून. मध्ये मध्ये मी मल्याळम संवादांचा अर्थ सांगत होते. दगड मारला तेव्हा काकी खुदकन हसली. नाचली तेव्हा काही बोलली नाही, पण पुढे सरकून बसली. आणि वकिलाचा प्रसंग पुन्हा दाखव म्हणाली. तो मी पुन्हा लावला.

"तिच्या घोवान कागद करूक नाय?"

"नाय गो."

काकी उठली. आत गेली. पत्र्याची पेटी ओढल्याचा आवाज आला, काकांची तीच मुंबईहून आलेली पेटी. प्लॅस्टिकची पिशवी घेऊन ती बाहेर आली. आत सातबारे, घरपट्टीच्या पावत्या, वारस नोंदीचा फेरफार, तलाठ्याकडे चार वर्षं घातलेल्या खेपांचा सगळा इतिहास. चौथीपर्यंत शिकलेली आहे ती, पण छापलेलं अक्षर आता तिला बारीक दिसतं. आमचा सातबारा सामाईक, एकोणीस नावांचा. तिने तो माझ्या हातात दिला.

"माजा नाव खय आसा ता वाच."

मी बोट फिरवत खाली आले. चौदावं नाव तिचं होतं. मोठ्याने वाचलं, तिचं, काकांचं आणि आडनाव.

"परत वाच."

परत वाचलं. तिने कागद घेतला, आधीच्याच घडीवर दुमडला, पिशवीत ठेवला आणि पिशवी मांडीखाली सारून पदर सावरून बसली.

"आता लाव तुजो पिच्चर."